उंबरगावची अयोध्या

डहाणूहून उत्तरेकडे निघालेली गाडी घोलवडच्या चिकूवाड्या मागे टाकते, बोर्डी रोडला घटकाभर थांबते आणि पुढच्या स्थानकात महाराष्ट्र संपलेला असतो. पाटीवर गुजराती येते. बाजारातले बोलणे मात्र पूर्वीसारखेच अर्धे मराठी, अर्धे गुजराती. हे उंबरगाव. १९६० पर्यंत ते आमच्या जुन्या ठाणे जिल्ह्यातले तालुक्याचे गाव होते. राज्ये वेगळी झाली, उंबरगाव गुजरातेत गेले आणि तालुक्याचा जो भाग महाराष्ट्रात उरला, तो तलासरी म्हणून ओळखला जाऊ लागला. घर वाटून घेतलेल्या भावंडांसारखी ही दोन गावे.

याच उंबरगावात ऐंशीच्या दशकात अयोध्या वसली, मिथिला वसली, लंका वसली आणि जळलीही. वसवणाऱ्याचे नाव रामानंद सागर. 'रामायण' मालिका साऱ्या देशाला ठाऊक आहे. पण ती मुंबईच्या एखाद्या स्टुडिओत नव्हे, तर मुंबईपासून सुमारे दीडशे किलोमीटरवर, आमच्या शेजारच्या वृंदावन स्टुडिओत घडली, हे पुष्कळांना ठाऊक नसते.

सागर यांचे आयुष्य पाहिले तर ते कधी थांबलेलेच दिसत नाही. २९ डिसेंबर १९१७ रोजी लाहोरजवळ जन्म. पाळण्यातले नाव चंद्रमौली. आजीने दत्तक घेतल्यावर ते रामानंद झाले. शिकण्यासाठी पैसा नव्हता. शिपायाची नोकरी केली, ट्रक धुतले, साबण विकला, सोनाराकडे उमेदवारी केली आणि रात्री अभ्यास केला. पुढे संस्कृत आणि फारसी या दोन्ही भाषांत प्रावीण्य मिळवले. तरुणपणी क्षयाने गाठले, तेव्हा अंथरुणावर पडल्या पडल्या त्यांनी क्षयरुग्णाची रोजनिशी लिहिली आणि ती छापूनही आली. मरणाच्या दारातही लिहायला बसणारा हा माणूस मुळात लेखक होता, हे लक्षात ठेवायला हवे.

फाळणीत घरदार गेले. लाखो निर्वासितांपैकी एक होऊन ते भारतात आले आणि जे पाहिले त्यावर त्यांनी कादंबरी लिहिली. तिचे नाव 'और इन्सान मर गया'. १९४९ च्या राज कपूर यांच्या 'बरसात'ची कथा-पटकथा त्यांची. पुढे 'सागर आर्ट्स' ही स्वतःची संस्था काढली आणि 'घूँघट', 'जिंदगी', 'आरजू', 'गीत' असे चित्रपट त्यांनी दिग्दर्शित केले. 'आँखे'साठी सर्वोत्कृष्ट दिग्दर्शकाचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. एवढ्यावर कोणीही समाधानाने निवृत्त झाला असता.

सागर यांनी मात्र उतारवयात छोट्या पडद्याची वाट धरली. त्यांचे चिरंजीव प्रेम सागर यांनी वडिलांच्या चरित्रात सांगितले आहे, की १९७६ च्या 'चरस' चित्रपटाच्या वेळी परदेशातल्या एका उपाहारगृहात त्यांनी रंगीत टेलिव्हिजन पाहिला आणि आपले पुढचे काम यातच आहे असे त्यांच्या मनाने घेतले. आपल्याकडे दूरदर्शन रंगीत झाले १९८२ मध्ये. सिनेमावाल्यांच्या लेखी तेव्हा टेलिव्हिजन म्हणजे पायरी उतरणे होते. सागर यांनी आधी 'विक्रम और बेताल' करून पाहिली. अरुण गोविल, दीपिका चिखलिया, सुनील लहरी, अरविंद त्रिवेदी ही मंडळी तिथेच जमली. राम, सीता, लक्ष्मण आणि रावण यांची जणू ती रंगीत तालीमच होती.

२५ जानेवारी १९८७ रोजी, वयाच्या एकोणसत्तराव्या वर्षी, त्यांचे 'रामायण' सुरू झाले. बावन्न भागांची मालिका वाढत वाढत अठ्ठ्याहत्तर भागांवर गेली आणि ३१ जुलै १९८८ रोजी संपली. दर रविवारी सकाळी साडेनऊला रस्ते ओस पडत, कोणी संचाला हार घालत, कोणी उदबत्ती लावत. मराठी घरांना हा अनुभव अगदीच नवा नव्हता. १९५५-५६ मध्ये पुणे आकाशवाणीवरून गदिमा आणि सुधीर फडके यांचे 'गीतरामायण' असेच आठवड्याला एक याप्रमाणे वर्षभर घरोघरी ऐकले गेले होते. तेव्हा कानांनी केलेले पारायण आता डोळ्यांनी झाले, इतकेच.

मालिकेत आपली मराठी माणसेही होती. 'सांगत्ये ऐका'च्या जयश्री गडकर कौसल्या झाल्या आणि त्यांचे पती बाळ धुरी दशरथ. मंथरा ललिता पवारांची, भरत संजय जोगांचा. ज्या ग्रंथांचा आधार सागर यांनी घेतला, त्यांत वाल्मीकी, तुलसीदास आणि कंबन यांच्या जोडीला आपल्या एकनाथांचे 'भावार्थ रामायण'ही होते.

टीकाही झाली. गती संथ, देखावे कॅलेंडरातल्या चित्रांसारखे, आकाशात दोन बाण भिडले की किती वेळ भिडतच राहतात! सरकारी माध्यमावर धार्मिक मालिका असावी का, हा प्रश्न तर मूलभूत होता आणि मालिकेने राजकारणालाही स्पर्श केला. १९९१ मध्ये सीता आणि रावण, दोघेही भाजपतर्फे लोकसभेत गेले. २०२४ मध्ये रामही गेला. या आक्षेपांना उत्तर द्यायचा माझा आग्रह नाही. पण एक गोष्ट मला महत्त्वाची वाटते. मालिका राज्याभिषेकाशी थांबली, तेव्हा पंजाबात वाल्मीकींना मानणाऱ्या सफाई कामगारांनी संप पुकारला. ज्या आश्रमात सीतेला आसरा मिळाला, लव-कुश वाढले, त्या आश्रमाची कथा वगळून रामायण पुरे कसे होईल, असे त्यांचे म्हणणे. कचऱ्याचे ढीग साचले आणि पुढे 'लव-कुश' पडद्यावर आले. ज्यांना कोणी विचारत नव्हते, त्यांनी कथेतला आपला वाटा मागितला आणि तो मिळवला.

हा प्रसंग आठवला की मला तलासरी आठवते. त्या वर्षांत मी तिथे शिक्षक होतो. पाड्यांवर वीज नव्हती, संच कुठून असणार! पण गर्दीच्या प्रसंगांना माणसे लागत आणि आजूबाजूच्या गावांतून ती जात. माझ्या एका वारली विद्यार्थ्याचे वडील वानरसेनेत उभे राहून आले होते. रविवारी मी त्यांना मुद्दाम घरी बोलावले आणि विचारले, "यातले तुम्ही कोणते?" ते बराच वेळ पडद्याकडे पाहत राहिले आणि हसून म्हणाले, "गुरुजी, सगळ्यांच्या तोंडाला मुखवटा. आमचं आम्हालाच कळत नाही, तुम्हाला काय सांगू?" त्यांची काही तक्रार नव्हती. मजुरी मिळाली होती, पोटभर जेवण मिळाले होते आणि रामाला जवळून पाहिल्याचा आनंदही होता. मीच तेवढा गप्प झालो.

कारण हा मुलूख मुखवट्यामागे राहणाऱ्यांचा नाही. याच जुन्या उंबरगाव तालुक्यातल्या झरी गावी मे १९४५ मध्ये हजारो वारली जमले आणि वेठ करणार नाही असे त्यांनी ठरवले. त्या लढ्याची हकीकत गोदावरी परुळेकर यांनी लिहिली. पुस्तकाला १९७२ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. नाव 'जेव्हा माणूस जागा होतो'. डहाणू तालुक्यातल्या गंजाडच्या जिव्या सोमा मशे यांनी तांदळाच्या पिठाची चित्रे भिंतीवरून जगात नेली आणि २०११ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. तोच मान सागर यांना २००० साली मिळाला होता.

योगायोग पाहा. 'इन्सान मर गया' असे लिहून सीमेपलीकडून आलेला लेखक, आयुष्याच्या शेवटच्या टप्प्यात ज्या मातीत येऊन काम करतो, त्या मातीवरच्या पुस्तकाचे नाव 'जेव्हा माणूस जागा होतो'! दोन्ही पुस्तकांचा काळही जवळपास तोच.

१२ डिसेंबर २००५ रोजी सागर गेले. २०२० च्या टाळेबंदीत त्यांची मालिका पुन्हा दाखवली, तेव्हा आजोबांच्या शेजारी बसून नातवंडांनी ती पाहिली. तेहतीस वर्षांनंतर एखादे काम पुन्हा घर जमवते, ही दिग्दर्शकाची लहान कमाई नव्हे. चिकाटी, अभ्यास आणि सत्तरीच्या उंबरठ्यावर नवे माध्यम शिकण्याची तयारी ही त्यांच्याकडून घेण्यासारखी शिदोरी. माझे काही विद्यार्थी आज हातातल्या मोबाइलवर चित्रीकरण करतात, तेव्हा मी त्यांना सागर यांची गोष्ट सांगतो. झरीची गोष्टही सांगतो. त्यांच्यापैकी एखाद्याने उद्या ती सलग भागांत मांडावी आणि साऱ्या देशाने रविवारी सकाळी ती पाहत बसावे. त्या सेनेतल्या माणसांना मुखवटे मात्र नसावेत.