मुद्दल नफ्याच्या खाती

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अमेरिकेतील मिशिगन व विस्कॉन्सिन येथील पांढऱ्या पाइनच्या अरण्यांवर लाकूडव्यापाऱ्यांनी अपार संपत्ती मिळविली. हिवाळ्यात तोड करावयाची, बर्फावरून ओंडके नदीकाठी ओढावयाचे आणि वसंतात चढत्या पाण्यावर सॉ मिलकडे सोडावयाचे, असा क्रम असे.

या जमाखर्चात दोष होता. शतकानुशतके वाढलेले वृक्ष हे मुद्दल. ते नफ्याच्या खाती जमा होत होते. तोडीनंतर फांद्यांचे ढीग तसेच वाळत पडत. ८ ऑक्टोबर १८७१ रोजी विस्कॉन्सिनमधील पेश्टिगो या लाकूडधंद्याच्या गावात वणवा शिरला आणि त्या परिसरात हजाराहून अधिक माणसे दगावली. त्याच रात्री शिकागोही पेटले, म्हणून पेश्टिगो विस्मृतीत गेले. मुक्या जीवांची गणना कोणत्या वहीत असणार? श्रावकाचाराने वनकर्माला कर्मादानांत का गणले, हे येथे उमगते.

पुढे फ्रेडरिक वेयरहाउजर यांनी १९०० मध्ये पश्चिमेकडील वॉशिंग्टन राज्यात रेल्वेकंपनीकडून एकरी ६ डॉलर दराने ९ लाख एकर वनभूमी घेतली. तोडीबरोबर पुनर्लागवड करणारा पहिला ‘ट्री फार्म’ त्यांच्या कंपनीने तेथेच काढला. पण तोपर्यंत १९४१ साल उजाडले होते.