उताराला विचारतो कोण?

भूगोलाच्या पुस्तकात नदीच्या नावापुढे दोनच रकाने असतात, उगम आणि मुख. नाईल भूमध्य समुद्राला मिळते, ॲमेझॉन अटलांटिकला. मधली हजारो किलोमीटर पाठांतरातून सुटतात. त्यातल्या त्यात ॲमेझॉनचं कौतुक होतं, कारण अँडीजमध्ये पॅसिफिक हाकेच्या अंतरावर असताना ती त्याच्याकडे पाठ फिरवून अख्खा खंड पार करते. सातारकरांना याचं नवल वाटू नये. क्षेत्र महाबळेश्वरच्या पंचगंगा मंदिरात पाच नद्यांच्या धारा एकाच गोमुखातून पडतात. त्यांतली सावित्री कडा उतरून पोलादपूर, महाडवरून बाणकोटच्या खाडीत जाते. शंभरेक किलोमीटरांत खेळ खलास. कृष्णा मात्र वाई, माहुली, कराड, सांगली करत सुमारे चौदाशे किलोमीटर चालून आंध्रात बंगालच्या उपसागराला मिळते.

इथवर उताराचं राज्य. कोयनेची गोष्ट वेगळी. ती कराडच्या प्रीतिसंगमावर कृष्णेला समोरासमोर भेटते खरी, पण तिचं सगळं पाणी तिथवर येतच नाही. कोयना धरणाच्या शिवसागर जलाशयातून बोगद्यांनी सह्याद्रीच्या पोटातून ते पोफळीकडे उतरतं, वीज करतं आणि वाशिष्ठीतून चिपळूणमार्गे अरबी समुद्रात जातं. कृष्णेचं पाणी राज्यांत वाटून देणाऱ्या बच्छावत लवादाने पश्चिमेकडच्या या वाटेला वर्षाला ६७.५ टीएमसी मंजूर केले. धरणाची क्षमता १०५ टीएमसी, म्हणजे निम्म्याहून अधिक. ऑस्ट्रेलियाने नेमकं उलट केलं. तिथली स्नोई नदी समुद्राकडे जात होती; १९४९ ते १९७४ या काळात बोगदे खणून तिचं पाणी डोंगरापलीकडे, कोरड्या मरे खोऱ्यातल्या शेतीकडे वळवलं. आपण तहानलेल्या बाजूचं पाणी धो-धो पावसाच्या कोकणात ढकलतो. विजेसाठी हे पटतं. माण-खटावच्या बांधावर उभं राहून पटवून घेणं अवघड.

तिकडे पाणी पोचतं ते पंपाने. ताकारी, म्हैसाळ, टेंभू या उपसा योजना कृष्णेचं पाणी टप्प्याटप्प्याने चढवतात. टेंभूचं पाणी आटपाडीत गेलं की ते कृष्णेचं उरत नाही, माणगंगेच्या खोऱ्यात पडतं. डाळिंबांनी पिऊन चुकून काही उरलंच, तर माणगंगा भीमेला मिळते, भीमा रायचूरकडे कृष्णेला. म्हणजे शेकडो किलोमीटरांचा वळसा घालून घरवापसी! एप्रिल २०१६ मध्ये तर मिरजेहून रेल्वेच्या टाक्यांत बसून हेच पाणी लातूरला, मांजरेच्या म्हणजे गोदावरीच्या खोऱ्यात गेलं. पहिल्या गाडीला दहा वाघिणी, पाणी पाच लाख लिटर.

आणि पावसाळ्यात सांगलीत एकच प्रश्न: "आयर्विनला किती फूट?" पंचेचाळीसला धोक्याची पातळी. या आयर्विन पुलाजवळचा आकडा चाळीसच्या पुढे सरकला की नदीकाठच्या गल्ल्यांत खालच्या खोलीतलं सामान माडीवर जाऊ लागतं. २००५ मध्ये पाणी त्रेपन्न फुटांवर गेलं, २०१९ मध्ये सत्तावन्नच्या वर. चहाच्या गाड्यावर खापर खाली कर्नाटकातल्या अलमट्टी धरणावर फुटतं. पण सांगलीपाशी नदीला उतार जेमतेम, वळणं भरपूर, त्यात हरिपूरला वारणा येऊन मिळते. कृष्णेचं पाणी तुंबायला एवढं बरंच झालं. पूररेषेतल्या बांधकामांबद्दल गाड्यावर फारसं कोणी बोलत नाही.

पुराचं जादा पाणी भीमेकडे, पुढे मराठवाड्याकडे वळवायची कल्पना जुनीच आहे, प्रत्येक महापुरानंतर ती नव्याने निघते. महापूर असतो आठ-दहा दिवसांचा. तेवढ्या दिवसांत पूर ओढून नेईल एवढा बोगदा पाडायचा, तर उरलेलं वर्षभर त्यातून कोणाच्या वाटणीचं पाणी जाणार, हे आधी दुष्काळी जतच्या शेतकऱ्याला लिहून द्यावं लागेल.