मोटारीची कॉइल : दोष ओळखावा कसा?

रणरणत्या उन्हांत घाट चढणारी जुनी मोटार आचके देऊन बंद पडते. चालक पेट्रोलच्या पंपावर ओलें फडकें टाकतो, अर्धा तास झाडाखालीं बसतो, आणि गाडी पुन्हां निमूटपणें चालूं लागते. नळींत पेट्रोलची वाफ कोंडली होती, असा निर्वाळा मिळतो. श्रोतेहो, हा निर्वाळा पुष्कळदां खरा असतो. परंतु ओल्या फडक्यानें तो सिद्ध होत नाहीं. त्याच अर्ध्या तासांत आणखी एक वस्तु निवालेली असते, ती म्हणजे ठिणगी उत्पन्न करणारी कॉइल.

मुंबईंत २०२३ सालापर्यंत टॅक्सी म्हणून धांवलेल्या प्रीमियर पद्मिनीसारख्या गाड्यांत कॉइल म्हणजे पेल्याएवढा धातूचा बंद डबा. आंत लोखंडी गाभ्याभोवतीं तारेचीं दोन वेटोळीं असतात : एक जाड तारेचें, कांहीं शें वेढ्यांचें, दुसरें केसासारख्या तारेचें, हजारों वेढ्यांचें. बॅटरीचा १२ व्होल्टांचा प्रवाह पहिल्यांतून वाहत असतां ब्रेकरचे पॉइंट उघडतात, चुंबकत्व क्षणांत ओसरतें, आणि फॅरेडेनें १८३१ मध्यें दाखविलेल्या तत्त्वानुसार दुसऱ्या वेटोळ्यांत १५ ते २० हजार व्होल्टांचा दाब उत्पन्न होतो.

तारेवरील रोगण कोठें जीर्ण झालें, कीं तापल्यावर तें हा दाब अडवूं शकत नाहीं. दाब आंतल्या आंत जिरतो व ठिणगी मरते. निवल्यावर सारें पूर्ववत्. म्हणूनच दुसरे दिवशीं कारखान्यांत मीटर लावला, तर आंकडे अगदीं साळसूद येतात : पहिल्या वेटोळ्याचा रोध बहुधा ३ ओहमांच्या आसपास, दुसऱ्याचा कांहीं हजार. आंकडाच न आला, तर तार तुटली हें निश्चित. पण आंकडा बरोबर आला म्हणून कॉइल निर्दोष ठरत नाहीं.

परीक्षा गाडी बंद पडतांच, ती निवण्यापूर्वीं करावी. डिस्ट्रिब्यूटरच्या टोपीच्या मध्यांतील जाड तार उपसावी, जाड रबरी मुठीच्या पकडीनें तिचें टोंक इंजिनाच्या उघड्या धातूपासून पाव इंचावर धरावें आणि दुसऱ्यास स्टार्टर फिरवावयास सांगावें. जवळपास पेट्रोल सांडलेलें नसावें. तार नुसत्या हातीं धरण्याचें धाडस तर कोणींच करूं नये. निळसर, कडकडणारी ठिणगी पडली, तर कॉइल त्या वेळीं ठीक आहे. दोष टोपींत, रोटरमध्यें, प्लगांत किंवा पेट्रोलच्या वाटेवर शोधावा. ठिणगी पिवळट असेल किंवा पडतच नसेल, तर प्रथम पॉइंट व कंडेन्सर पाहावे. कंडेन्सर ही कॉइलहून फार स्वस्त वस्तु. तिचे अपराध उगाच कॉइलच्या माथीं मारले जातात. ते ठीक असतील, तर खात्रीची दुसरी कॉइल तिथल्या तिथें जोडून पाहावी. इंजिन तापलेलें असतांनाच ठिणगी परतली, कीं निवाडा झाला. (इंजिन बंद असतां किल्ली मात्र चालू ठेवूं नये, पॉइंट मिटलेले राहिले, तर चांगली कॉइलही तापून बिघडते.)

प्रत्येक सिलिंडरवर स्वतंत्र कॉइल असलेल्या नव्या गाड्यांत हा तारेचा प्रयोग करूं नये. त्यांतील इलेक्ट्रॉनिक भाग जळण्याची भीति असते. तेथें इंजिन बंद करून संशयित कॉइल दुसऱ्या सिलिंडरच्या कॉइलशीं अदलाबदल करून बसवावी. बिघाड तिच्याबरोबर गेला, तर ती दोषी. जागेवरच राहिला, तर नवी कॉइल विकत घेण्यापूर्वीं तेथील प्लग काढून पाहावा.