चौदा वाघिणींचे सोने

बेंगळुरूच्या मुख्य स्थानकावर मारिकुप्पमची गाडी सकाळी फलाटाला लागते, तेव्हा तिच्यातून उतरणाऱ्यांच्या हातात जेवणाचे डबे असतात, तोंडी बहुधा तमिळ असते आणि पावलांना रोजगाराची घाई असते. त्या गर्दीकडे पाहताना सहसा कोणाच्या ध्यानात येत नाही, की ही मंडळी ज्या लोहमार्गाच्या टोकापासून आली, त्या टोकाकडचा 16 किलोमीटरांचा फाटा मुळात माणसांच्या सोयीकरिता घातलेलाच नव्हता. बंगारपेटपासून कोलारच्या सुवर्णक्षेत्रात शिरणारा हा फाटा खाणींच्या मालासाठी जन्मास आला.

कोलारचा मुलूख मराठी वाचकास परका नाही. शहाजीराजांच्या कर्नाटकातील जहागिरीत बेंगळुरूबरोबर तोही मोडत असे. तेथील मातीत सोने आहे ही वार्ता फार जुनी. परंतु खडक फोडून ते काढण्याची सनद म्हैसूर सरकारकडून 1875 साली मिळवली ती मायकेल लॅव्हेल या बेंगळुरूत स्थायिक झालेल्या आयरिश सैनिकाने, ज्याचे नाव शहरातील एका रस्त्याने आजही जपले आहे. खोल खाणकामास लागणारे भांडवल एकट्या माणसाच्या आवाक्यातले नव्हते. 1880 नंतर लंडनच्या जॉन टेलर अँड सन्स या पेढीने कारभार हाती घेतला, आणि मग कोलारच्या उजाड माळावर धुराडी उभी राहिली.

मद्रास रेल्वेचा रुंदमापी मार्ग जोलारपेटहून बेंगळुरू छावणीपर्यंत 1864 सालीच येऊन पोहोचला होता. त्यावरील बाउरिंगपेट हे गाव, म्हणजे आजचे बंगारपेट, म्हैसूरचे कमिशनर बाउरिंग यांच्या नावाने वसलेले. खाणी तेथून अवघ्या 10 मैलांवर. पण बाष्पयंत्रांचे अवजड भाग बैलगाडीवर लादून ज्याने खडकाळ वाटेने नेले असतील, त्यालाच 10 मैल म्हणजे किती हे ठाऊक. दिवाण शेषाद्री अय्यर यांच्या अमदानीत, 1894 साली, हा फाटा सुरू झाला. मालकी म्हैसूर संस्थानची आणि चालविण्याचे काम मद्रास रेल्वेचे, अशी वाटणी होती. निघालेल्या सोन्यावर संस्थानास स्वामित्वधन मिळत असल्यामुळे रुळांवर घातलेला पैसा सरकारी खजिन्यात दुसऱ्या दाराने परत येत असे, ही दिवाणांची दूरदृष्टी मला विशेष वाटते.

सोन्याची रेल्वे म्हटले की सोन्याने भरलेल्या गाड्या डोळ्यांपुढे येतात. प्रत्यक्षात सुमारे 120 वर्षांत या खाणींतून निघालेले सगळे सोने अंदाजे 800 टन भरते. आजच्या एका उघड्या वाघिणीत साधारण 60 टन माल मावतो, आणि एका मालगाडीला अशा पन्नासाच्या वर वाघिणी असतात. म्हणजे तीन-चार पिढ्यांनी पाताळातून वर काढलेली ती समग्र संपत्ती वजनाच्या हिशेबाने अवघ्या चौदा वाघिणींत बसली असती. मग हा फाटा वाहत काय होता? भट्ट्यांसाठी कोळसा, बोगदे तोलून धरण्यासाठी लाकडाचे ओंडके, पोलादी दोर, यंत्रांचे सुटे भाग, सुरुंगाची दारू, सायनाइड, आणि खाणवस्तीच्या चुलींसाठी धान्य. दगड मात्र या रुळांवरून बाहेर गेला नाही, कारण तो जागच्या जागी पोलादी मुसळांखाली कुटला जाई, त्याच्या पिठातून सायनाइडच्या द्रावणाने सोने विरघळवून घेतले जाई, आणि उरलेला चोथा तेथेच टाकला जाई. आवक डोंगराएवढी आणि जावक मुठीएवढी! भरून आलेल्या वाघिणी बहुतेक रिकाम्याच परतत असणार, आणि मालवाहतुकीच्या धंद्यात रिकाम्या परतीसारखा तोटा नाही. पण जावकीच्या त्या मुठीचे मोलच असे, की तोट्याचा विचार कोणी करू नये.

अशा एकेरी फाट्यावरचा कारभार साधा, तरी काटेकोर असे. समोरासमोर दोन गाड्या येऊ नयेत म्हणून स्टेशनमास्तरांनी दिलेले टोकन हाती पडल्याखेरीज चालक गाडी हलवीत नसे. वेताच्या कड्याला अडकवलेल्या चामडी पिशवीत ते असे, आणि चालत्या इंजिनातून हात बाहेर काढून ते कडे खांद्यावर झेलणारा माणूस ज्याने पाहिला आहे, तो ते दृश्य विसरत नाही. शेवटच्या स्थानकावर मार्गच संपतो. तेथे पूर्वी इंजिन सोडवायचे, शेजारच्या रुळावरून दुसऱ्या टोकाला आणून जोडायचे, आणि मग परतीची शिटी.

1902 मध्ये कावेरीवरील शिवनसमुद्राच्या धबधब्यापासून सुमारे 148 किलोमीटर तारा ओढून वीज खाणींत आली, बेंगळुरूच्या रस्त्यांवर दिवे लागण्याच्या तीन वर्षे आधी. आणि खाणीतली यंत्रे विजेवर फिरू लागताच कोळशाची गरज ओसरली. पुढे 1908 साली मद्रास रेल्वेचा हा भाग नव्या मद्रास अँड सदर्न मराठा रेल्वेकडे गेला. तमिळ मजुरांच्या या वस्तीत धावणाऱ्या गाड्यांच्या कंपनीत मराठ्यांचे नाव असावे, याचे मला अजून नवल वाटते. 1951 मध्ये दक्षिण रेल्वे स्थापन झाली. आज हा फाटा हुबळीत मुख्यालय असलेल्या दक्षिण-पश्चिम रेल्वेच्या बेंगळुरू विभागात आहे.

28 फेब्रुवारी 2001 रोजी खाणी बंद झाल्या. तीन किलोमीटरांहून खोल गेलेल्या विहिरींत पाणी भरले. चोथ्याचे तीन कोटी टनांहून अधिक वजनाचे करडे ढीग मात्र आभाळाखाली तसेच पडून आहेत. हजारो कुटुंबांचा रोजगार एका दिवसात गेला, आणि ज्या फाट्याने एक शतकभर बाहेरचा माल खाणीकडे आणला, तोच आता खाणीच्या वस्तीतली माणसे पहाटे उचलून बेंगळुरूच्या कारखान्यांत, दुकानांत आणि बांधकामांवर नेऊन पोहोचवू लागला. या लोकांनी गाव सोडले नाही, याचे पुष्कळसे श्रेय मी त्या 16 किलोमीटर रुळांना देतो. मारिकुप्पमपासून आंध्रातील कुप्पमपर्यंत मार्ग पुढे नेण्याचे कामही हाती घेतले गेले आहे.

सायंकाळी गाडी परत फिरते. बंगारपेट मागे पडल्यावर डब्यातली गर्दी हळूहळू विरळ होते, कोणी रिकामा डबा मांडीवर धरून डुलकी घेतो, आणि बाहेर अंधारात एकामागून एक पाट्या सरकतात: कोरोमंडल, उरगाम, चॅम्पियन. ही सारी खाणींची नावे.