प्रद्युम्न साहेब रिटायर कधी होणार?

आधी एक साधा हिशेब. महाराष्ट्र पोलिसांत निवृत्तीचं वय 58. शिवाजी साटम यांचा जन्म 21 एप्रिल 1950 चा. म्हणजे ‘सीआयडी’ मालिकेत त्यांनी रंगवलेले एसीपी प्रद्युम्न खरोखर खात्यात असते, तर एप्रिल 2008 च्या अखेरीस शाल, श्रीफळ आणि भिंतीवरचं घड्याळ घेऊन घरी गेले असते. प्रत्यक्षात ते 2018 पर्यंत ड्युटीवर होते, आणि 2024 च्या डिसेंबरात वयाच्या 74 व्या वर्षी पुन्हा हजर झाले. बढती मात्र शून्य. 1998 साली सहायक पोलीस आयुक्त, परतले तेव्हाही सहायक पोलीस आयुक्त. एवढा अन्याय सहन करून रोज बोटं फिरवत ‘कुछ तो गड़बड़ है’ म्हणणारा माणूस चुकीचं तरी काय बोलतो?

पोलिसाच्या वर्दीआधी साटमांच्या नशिबी बँकेचं खातेपुस्तक होतं. सेंट्रल बँकेत नोकरी, आणि सोबत नाटकाचं वेड. त्या काळी मुंबईत आंतरबँक नाट्यस्पर्धा म्हणजे मोठीच धामधूम असायची. दिवसभर काउंटरवर नोटा मोजायच्या आणि संध्याकाळी तालमीच्या हॉलमध्ये चहा-वड्यावर तिसरा अंक बसवायचा. अशाच स्पर्धेत बाळ धुरींनी साटमांना हेरलं आणि ‘संगीत वरद’ या नाटकात संधी दिली. बाळ धुरी म्हणजे रामानंद सागरांच्या ‘रामायण’मधले दशरथ. म्हणजे प्रद्युम्न साहेबांना शोधून काढलं ते खुद्द अयोध्येच्या राजानं!

आता खरी गंमत ऐका. साटमांची पदवी रसायनशास्त्राची आहे. इतकी वर्षं मालिकेतल्या डॉ. साळुंखेंच्या लॅबमध्ये उभं राहून, परीक्षानळीतला निळा द्रव हिरवा झाला की भुवया उंचावणारे एसीपी स्वतःच केमिस्ट्रीवाले. साळुंखे झालेल्या नरेंद्र गुप्तांना सेटवर कुणी हे ऐकवलं असेल का, असा प्रश्न मला नेहमी पडतो.

लॅबचा विषय निघालाच आहे तर मुंबईच्या उपनगरवाल्यांनी कॉलर ताठ करायला हरकत नाही. राज्याची न्यायवैद्यक प्रयोगशाळा खरोखरच आपल्या बाजूला आहे, सांताक्रूझ पूर्वेला कालिन्यात, विद्यापीठाच्या शेजारी. खऱ्या सीआयडीचं मुख्यालय मात्र पुण्याला. मुंबईत खून झाला की धावते ती शहर पोलिसांची गुन्हे शाखा. तेव्हा काटेकोर नियमाने पाहिलं तर प्रद्युम्न आणि त्यांचे सहकारी अभिजीत आणि दया यांनी दर केसला डेक्कन क्वीन पकडायला हवी होती.

खाकीशी साटमांचं नातं ‘सीआयडी’च्याही आधीचं. दूरदर्शनवर बी. पी. सिंह यांची ‘एक शून्य शून्य’ ही मराठी मालिका लागायची. नाव पोलीस कंट्रोल रूमच्या नंबरावरून. त्यात साटम इन्स्पेक्टर होते. सिंह स्वतः मुंबई दूरदर्शनचे कॅमेरामन. पुढे त्यांनीच 21 जानेवारी 1998 ला सोनीवर ‘सीआयडी’ सुरू केली आणि 27 ऑक्टोबर 2018 ला 1547 व्या भागावर ती थांबली. वीस वर्षं नऊ महिने! तेवढ्या काळात अंधेरी-घाटकोपर मेट्रोची चर्चा झाली, खोदकाम झालं, ती 2014 ला सुरू झाली आणि तिच्यात चेंगरायची आपल्याला सवयही लागली.

या सगळ्यात एक पराक्रम जरा बाजूला पडतो. 2004 साली लोणावळ्यात ‘सीआयडी’च्या टीमने एक अख्खा भाग एकाच शॉटमध्ये चित्रित केला. 111 मिनिटं, कट नाही. कुणी शिंकलं, कुणी वाक्य विसरलं की पुन्हा पहिल्यापासून. 7 नोव्हेंबरला तो भाग दाखवला गेला आणि गिनीज बुकात नोंद झाली. एकदा पडदा वर गेला की मागे फिरणं नाही, याची सवय असलेल्या रंगभूमीवरच्या माणसाला त्या दिवशी घरी आल्यासारखंच वाटलं असणार.

सिनेमात मात्र साहेब बहुतेक वेळा कुणाचे तरी बाबा. ‘वास्तव’मध्ये ते संजय दत्तचे वडील, नामदेव. बाप-लेकाच्या वयात फरक फक्त नऊ वर्षांचा. आई झालेल्या रीमा लागू तर ‘मुला’पेक्षा जेमतेम एका वर्षाने मोठ्या. ‘दे धक्का’मध्ये ते थेट आजोबा, आणि आंब्याच्या बागेतल्या ‘हापूस’मध्ये दिग्दर्शक होता त्यांचाच मुलगा अभिजीत. सून मधुरा वेलणकरही त्या सिनेमात. साटमांच्या दिवंगत पत्नी अरुणा कबड्डीच्या मैदानावरच्या, शिवछत्रपती पुरस्कार मिळवलेल्या. घरात धरपकडीची खरी तालीम कुणी केली होती, हे वेगळं सांगायला नको.

मालिकेत दारं तोडणाऱ्या दयाचं काय? तो साकारणारे दयानंद शेट्टी मूळचे थाळीफेकपटू. खांद्यातली ताकद मैदानावरची, दारं बिचारी नंतर आली. ‘सिंघम रिटर्न्स’मध्ये तर अजय देवगणनेही त्यांच्याकडून दार तोडून घेतलं. आमच्या मुलुंडच्या सोसायटीत आजही कुणाचं लॅच अडकलं की चावीवाला येण्याआधी जिन्यात कुणीतरी ‘दया’ला हाक मारतंच. बहुधा तिसऱ्या मजल्यावरचे आजोबा.

आणि मालिकेतला फ्रेडरिक्स. गोव्याकडचं वाटणाऱ्या या नावामागचा माणूस पक्का मराठी, पक्का बोरिवलीकर: दिनेश फडणीस. पडद्यावर त्यांनी सगळा विनोद एकहाती ओढला, मालिकेचे काही भाग लिहिलेही. ‘सरफरोश’मध्येही ते दिसले होते. 5 डिसेंबर 2023 ला ते गेले, वय अवघं 57. बोरिवली पूर्वेच्या दौलतनगर स्मशानभूमीत ‘सीआयडी’ची टीम निरोपाला आली होती. वर्षभराने मालिका परतली तेव्हा ती एक खुर्ची रिकामीच होती.

परतलेल्या मालिकेने एप्रिल 2025 मध्ये चक्क प्रद्युम्न साहेबांनाच बॉम्बस्फोटात मारलं. वाहिनीने फोटोखाली 1998 ते 2025 असं छापून श्रद्धांजलीही वाहिली. प्रेक्षक असे खवळले की काही आठवड्यांत साहेब धडधाकट परत. बँकेतल्या निवृत्तांना दर नोव्हेंबरात हयातीचा दाखला द्यावा लागतो. साटमांनी तो टीव्हीवर दिला, तोही बोटं फिरवून.