दंडारीतील देह आणि ओळख

पुरुषाने स्त्रीचे रूप घेणे ही मराठी रंगभूमीवरील परिचित प्रथा आहे. परंतु तिचा विचार बहुधा बालगंधर्वांपासून सुरू होतो आणि त्यांच्यापाशीच थांबतो. पूर्व विदर्भातील झाडीपट्टीत हीच प्रथा निराळ्या अर्थाने नांदली. तो अर्थ ध्यानी न घेता तेथील गीतांचा अभ्यास केल्यास गीतातील ‘मी’ कोण, या प्रश्नाचे उत्तर चुकण्याचा संभव असतो.

भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या जिल्ह्यांतील वनप्रदेश म्हणजे झाडीपट्टी. चंद्रपूर जिल्ह्यातील सिंदेवाही हा तालुका याच पट्ट्यातला व धानाचा. दिवाळीनंतर गावोगाव मंडई भरू लागते आणि खेळांचे दिवस येतात. दंडार व खडी गंमत हे येथील जुने लोकनाट्यप्रकार, डॉ. हरिश्चंद्र बोरकर यांच्या लेखनाने त्यांना अभ्यासविषयाची प्रतिष्ठा लाभली. दोन्ही प्रकारांत स्त्रीपात्रे परंपरेने पुरुषच रंगवीत आले. खडी गंमतीत शाहिरासमवेत स्त्रीवेशातील नाच्या उभा राहतो. गौळणीतील राधाही पुरुषच असतो.

बालगंधर्वांच्या कलेचा आदर्श संभ्रमाचा होता. 1919 मध्ये रंगभूमीवर आलेल्या ‘एकच प्याला’तील सिंधू पाहताना प्रेक्षकाने नारायणराव राजहंसांना विसरावे, यातच त्या भूमिकेचे यश होते. दंडारीत असा विसर अपेक्षित नाही आणि शक्यही नाही. राधा झालेला गडी दिवसा कोणाच्या बांधीत राबतो, कोणाचा मुलगा वा भाचा आहे, हे समोरच्या प्रत्येकाला ठाऊक असते. लुगड्याखालचा राबता देह लपत नाही. त्याने लपावे अशी कोणाची इच्छाही नसते. प्रेक्षक एकाच देहात गावचा गडी आणि राधा अशा दोन ओळखी पाहतो, आणि या दुहेरी पाहण्यातच खेळाचा रस असतो. येथे स्त्रीत्व हा संभ्रम नसून नट व प्रेक्षक यांनी मिळून मान्य केलेला संकेत असतो.

लिंगभाव ही माणसाच्या आत दडलेली वस्तू नसून पुनःपुन्हा केलेल्या कृतींतून तो घडतो, असे प्रतिपादन अमेरिकन विचारवंत ज्युडिथ बटलर यांनी 1990 मध्ये केले. दंडारीच्या प्रेक्षकाला हा सिद्धान्त ठाऊक नव्हता. परंतु चाल, मुरका, पदर सावरणे यांतून बाई कशी ‘उभी केली जाते’, हे तो डोळ्यांनी पाहत होता. मात्र ही घडण वेश उतरवण्याइतकी ऐच्छिक नाही, हेही बटलर यांनी बजावले आहे. त्याची साक्ष मराठी कादंबरीतच मिळते. आनंद यादव यांच्या ‘नटरंग’मधील गुणा हा पिळदार देहाचा तरुण नाच्या होतो, त्याचे सोंग हेच त्याचे खरे रूप, असे समाज ठरवून टाकतो. संकेत मोडला की सोंग देहाला चिकटते.

झाडीपट्टीत हा संकेत बदलला तो स्त्रियांच्या प्रवेशाने. दंडारीशेजारी रात्रभर चालणारे पडद्याचे नाटक रुजले. वडसा, म्हणजेच देसाईगंज, हे त्याच्या व्यावसायिक मंडळ्यांचे केंद्र झाले. नागपूर, पुणे, मुंबई येथूनही नटी येऊ लागल्या. स्त्रीला रंगमंच मिळाला, ही निःसंशय प्रगती होय. परंतु तिच्या देहाकडे पाहताना प्रेक्षकाजवळ ते जुने दुहेरी ज्ञान उरत नाही. ती कोणाची लेक, हे गावाला ठाऊक नसते. समोर दिसते ते सारे तिचेच मानले जाते. नाच्याने म्हटलेली शृंगारिक ओळ सोंगाची ठरते, नटीने म्हटलेली तिच्या चारित्र्याची. शब्द तेच, देह वेगळा; आणि देहागणिक अर्थही वेगळा.

या रंगभूमीवरील ज्येष्ठ नट परशुराम खुणे यांना 2023 मध्ये पद्मश्री मिळाली. नानाविध भूमिका करूनही पुरुष नट स्वतः वेगळा उरतो. भूमिका त्याच्या कसबाच्या खाती जमा होते. नटीला हेच अंतर प्रत्येक रात्री नव्याने मिळवावे लागते.

अभ्यासकाच्या हाती बहुधा गीतांची संहिताच येते. पुरुष शाहिराने रचलेले, पुरुष नाच्याने गायिलेले आणि स्त्रीच्या मुखी घातलेले गीत छापले गेले की त्यातील ‘मी’ एकेरी भासतो, आणि ते ‘स्त्रीमनाचा आविष्कार’ म्हणून वाचले जाते. वस्तुतः त्या ‘मी’मध्ये रचणाऱ्याची इच्छा, गाणाऱ्याचा देह आणि ऐकणाऱ्या गावाची संमती एकत्र आलेली असते. म्हणून लोकनाट्याची संहिता नोंदवताना ती कोणाच्या देहातून आणि कोणासमोर उच्चारली गेली, याचीही नोंद व्हावयास हवी. ती राहिली तर गीते टिकतील. परंतु त्यांतील बाई कोणी घडवली, हे सांगणारा पुरावा राहणार नाही.