एअरबोर्न कॉन्टॅक्ट डर्मटायटिस म्हणजे काय? गाजर गवताचा हा त्वचारोग एकापासून दुसऱ्याला होतो का?

पावसाळा सरत येतो, सोयाबीन पिवळं पडायला लागतं, आणि धाराशिव जिल्ह्यात बांधांवर, रस्त्याच्या कडेला, शाळेच्या पटांगणात, पडीक जमिनीवर पांढऱ्या बारीक फुलांचं गवत कमरेएवढं वाढलेलं दिसतं. कुणी त्याला गाजर गवत म्हणतं, कुणी काँग्रेस, कुणी चटक चांदणी. याच दिवसांत त्वचारोगतज्ज्ञांकडे एका विशिष्ट चेहऱ्याचे रुग्ण येतात. त्यांच्या पापण्या सुजलेल्या असतात, कपाळ आणि मान काळपट, जाडसर झालेली असते, कोपराच्या खोबणीत चिरा पडलेल्या असतात आणि खाजेपायी रात्रभर झोप नसते. तपासून डॉक्टर चिठ्ठीवर लिहितात ‘एअरबोर्न कॉन्टॅक्ट डर्मटायटिस’, किंवा घाई असेल तर नुसतं ‘एबीसीडी’.

समजा, वाशी तालुक्यातल्या पन्नाशीच्या एका शेतकऱ्याच्या हातात ही चिठ्ठी आली. घरातलं शिकलेलं पोरगं मोबाइलवर अर्थ बघतं: ‘हवेतून होणारा’. कोरोनाच्या काळात ‘एअरबोर्न’ हा शब्द सगळ्यांनी बातम्यांत ऐकलेला आहे, त्यामुळे पुढचं सांगावं लागत नाही. माणसाचं ताट-तांब्या वेगळा होतो, टॉवेल वेगळा होतो, नातवाला मांडीवर घ्यायचं बंद होतं. आधीच खाजेने बेजार झालेल्या माणसाला आता घरातल्या घरात वाळीत पडल्यासारखं होतं. आणि हे सगळं एका शब्दाचा अर्थ चुकल्यामुळे होतं. हा आजार एकापासून दुसऱ्याला होत नाही. एका ताटात जेवल्याने होत नाही, एका अंथरुणात झोपल्याने होत नाही.

शब्द सुटा करून पाहिला तर

‘डर्मटायटिस’ म्हणजे त्वचेचा दाह. मराठीत ज्याला इसब म्हणतात, ते याच जातीचं. ‘कॉन्टॅक्ट’ म्हणजे स्पर्श. बाहेरची एखादी वस्तू त्वचेला लागली आणि त्यामुळे दाह झाला, तर तो कॉन्टॅक्ट डर्मटायटिस. याचे दोन प्रकार असतात. बॅटरीचं ॲसिड हातावर सांडलं तर कुणाचीही कातडी जळेल. हा झाला पहिला प्रकार. दुसरा प्रकार ॲलर्जीचा. तीच वस्तू दहा जणांना लागते, नऊ जणांना काही होत नाही आणि एकाच्या अंगावर इसब उठतं. गाजर गवताचा त्रास बहुतेक वेळा या दुसऱ्या प्रकारातला असतो.

आता राहिला ‘एअरबोर्न’. त्याचा इथला अर्थ एवढाच, की ती वस्तू हाताने धरावी लागत नाही. तिचे कण हवेवर उडून अंगावर येऊन बसतात. कोरोना किंवा क्षयरोग हवेतून पसरतो म्हणतात तेव्हा हवेतून जंतू प्रवास करतो, एका माणसाकडून दुसऱ्या माणसाकडे. इथे हवेतून येते ती झाडाची धूळ. ती येते रानातून. रुग्णाकडून काहीच निघत नाही. वाटेत दुसरा माणूस कुठे नाहीच.

गोंधळ व्हायला मराठीचं एक क्रियापदही हातभार लावतं. आपण ‘ऊन लागलं’ म्हणतो आणि ‘रोग लागला’ही म्हणतो, ‘हवेतून लागणारा’ म्हटलं की कानाला थेट ‘लागण’ ऐकू येते. खरं तर या आजारासाठी मराठीत नेमकं क्रियापद आधीपासून आहे: बाधणे. एखाद्याला वांगं बाधतं म्हणून घरात कुणी त्याचं ताट वेगळं करत नाही. तसंच या माणसाला गाजर गवत बाधतं. डॉक्टरांनी चिठ्ठी देताना हे एक वाक्य सांगितलं, तरी बरीच घरं शहाणी होतील.

आणखी एक गोष्ट. ‘एबीसीडी’ हे नाव पुरतं निदान नाही. सिमेंटची धूळ, लाकडाचा भुसा, काही रसायनांची वाफ यांनीही हवेतून येणारा स्पर्शजन्य दाह होतो. त्यामुळे नाव कळल्यावर पुढचा प्रश्न विचारायलाच हवा: कशाचा? गवंड्याच्या बाबतीत उत्तर वेगळं असू शकतं, सुताराच्या बाबतीत वेगळं. मात्र भारतात, आणि शेतीच्या भागात तर नक्कीच, सगळ्यात जास्त वेळा उत्तर येतं ते गाजर गवत.

पुण्यातून सुरू झालेली गोष्ट

गाजर गवताचं शास्त्रीय नाव पार्थेनियम हिस्टेरोफोरस. मूळचं ते अमेरिका खंडातल्या उष्ण भागांतलं. भारतात त्याच्या पसरण्याची गोष्ट पुण्यापासून सांगितली जाते. १९५५ च्या सुमारास ते तिथे उगवलेलं आढळलं आणि १९५६ मध्ये नवीन वनस्पती म्हणून त्याची नोंद प्रसिद्ध झाली. अमेरिकेतून आलेल्या गव्हाबरोबर त्याचं बी आलं असं सर्वसाधारणपणे मानलं जातं. गावोगावी मात्र ‘पीएल ४८०’च्या मिलो-गव्हाचं नाव घेतलं जातं, आणि तिथे तारखा नीट जुळत नाहीत: त्या कायद्याखाली भारताचा अमेरिकेशी करार झाला १९५६ च्या ऑगस्टमध्ये, म्हणजे पुण्यात गवत दिसल्यानंतर. त्याआधी १९५१ मध्येही अमेरिकेने भारताला धान्यासाठी मोठं कर्ज दिलं होतं, हे लक्षात ठेवलेलं बरं.

गवतामागोमाग रुग्ण आले. १९६८ मध्ये पुण्याचे डॉ. लोणकर आणि डॉ. जोग यांनी या वनस्पतीमुळे झालेल्या त्वचादाहाची नोंद प्रसिद्ध केली. १९७४ मध्ये लोणकर, कॅनडाचे मिचेल आणि लंडनचे कॅल्नन यांचा सविस्तर लेख आला आणि जगभरच्या त्वचारोगतज्ज्ञांना हा आजार नावानिशी माहीत झाला. म्हणजे पाठ्यपुस्तकांत आज जो ‘पार्थेनियम डर्मटायटिस’ शिकवला जातो, त्याची सुरुवातीची पानं महाराष्ट्रातल्या रुग्णांच्या अंगावर लिहिली गेली. पुढे गवत देशभर गेलं आणि आजारही त्याच्या मागे गेला.

इतकी वर्षं काही झालं नाही, मग आत्ताच का?

हा प्रश्न जवळजवळ प्रत्येक रुग्ण विचारतो. लहानपणापासून याच गवतातून गुरं नेली, निंदणी-खुरपणी केली, हाताने उपटून टाकलं. मग पंचेचाळिसाव्या वर्षी काय झालं?

गवताच्या पानांवर, खोडावर आणि फुलांवर अतिशय बारीक लव असते. या लवेत पार्थेनिन नावाचं रसायन असतं. त्याचा रेणू इतका लहान असतो, की तो कातडीच्या वरच्या थरात सहज शिरतो आणि तिथल्या प्रथिनांना चिकटतो. कातडीतल्या पहारेकरी पेशी ही जोडगोळी उचलून जवळच्या लसिकाग्रंथीत नेतात आणि तिथल्या पांढऱ्या पेशींना दाखवतात. बहुतेकांच्या शरीरात हे प्रकरण तिथेच मिटतं. काही जणांच्या बाबतीत मात्र, वर्षानुवर्षं तोच कण येत राहिल्यावर, या पेशी त्याला शत्रू म्हणून लक्षात ठेवतात. एकदा ती आठवण तयार झाली की पुढे अगदी थोडी धूळही पुरते. म्हणून हा आजार लहान मुलांत क्वचित दिसतो आणि उघड्यावर काम करणाऱ्या, चाळिशी ओलांडलेल्या माणसांत जास्त दिसतो.

या पेशींना जमायला वेळ लागतो. म्हणून गवतात गेल्यावर लगेच काही होत नाही. खाज आणि लाली एक-दोन दिवसांनी येते. अंगावर पित्त उठतं तेव्हा गांधी मिनिटांत येतात आणि काही तासांत जातात, तसं इथे नसतं. सोमवारी बांध साफ केला आणि बुधवारी तोंड सुजलं, तर माणूस बुधवारी काय खाल्लं ते आठवत बसतो. वांगं, मासे, अंडी बंद होतात आणि सोमवारचा बांध विसरला जातो.

गवत वाळलं म्हणजे धोका टळला असंही नाही. पार्थेनिन वाळलेल्या काडीतही टिकून असतं, उलट वाळलेल्या काडीचा भुगा जास्त सहज उडतो. त्यामुळे काहींचा त्रास पावसाळ्यात सुरू होऊन काढणी आणि मळणीच्या धुरळ्यात वाढतो. जुन्या रुग्णांना तर वर्षभर आराम पडत नाही.

डॉक्टर चेहऱ्यावर काय वाचतात?

या आजाराला ‘उन्हाची ॲलर्जी’ समजण्याची चूक फार होते, कारण दोन्हींत चेहरा, मान, हात अशा उघड्या जागा बिघडतात. फरक सावलीच्या जागांवर कळतो. ऊन वरून पडतं. ते वरच्या पापणीच्या घडीत, कानामागे, हनुवटीखाली पोचत नाही. धूळ मात्र तिथे जाते आणि घामाबरोबर तिथेच साचते. म्हणून डॉक्टर रुग्णाला डोळे मिटायला सांगतात, कान पुढे वळवून मागे पाहतात, हनुवटी वर करायला लावतात. त्या जागाही बिघडलेल्या असतील, तर संशय हवेतल्या कणांवर जातो. जोडीला कोपर आणि गुडघ्यांच्या खोबणी असतात. अर्थात आजार जुना झाला की काही रुग्णांना ऊनही सोसेनासं होतं आणि मग दोन्ही चित्रं एकात एक मिसळतात. क्वचित सगळं अंगच लाल होऊन कातडीचे पापुद्रे सुटू लागतात. थंडी वाजणं, पायांना सूज अशी लक्षणंही जोडीला आली, तर ती तातडीने दवाखाना गाठण्याची वेळ असते.

खात्रीसाठी पॅच टेस्ट करतात. यात सुई नसते. गवताचा अर्क आणि इतर संशयित पदार्थ छोट्या वाट्यांत घालून पाठीवर चिकटवतात, दोन दिवस तसेच ठेवतात, मग काढून पाहतात आणि आणखी एक-दोन दिवसांनी पुन्हा पाहतात. त्या काळात पाठ भिजवायची नाही, घाम गाळणारं काम करायचं नाही. म्हणजे किमान तीन फेऱ्या आणि चार-पाच दिवस शेतकाम बंद; काढणीच्या हंगामात हे जमत नाही, ही खरी अडचण आहे. धाराशिव, लातूर आणि सोलापूर या तिन्ही ठिकाणी आता शासकीय वैद्यकीय महाविद्यालयं आहेत. जाण्याआधी ही तपासणी होते का आणि कोणत्या वारी, एवढं विचारून गेलेलं बरं.

मलमाने जातं, मग परत का येतं?

स्टेरॉइडचं मलम दाह दाबतं, म्हणून चार दिवसांत चेहरा निवळतो. पण शरीराची आठवण पुसली जात नाही आणि गवतही बांधावरच असतं. मग मेडिकलमधून तीच ट्यूब पुन्हा आणली जाते, वर्षभर चेहऱ्यावर चोळली जाते. कातडी पातळ होते, लाल शिरा दिसू लागतात, पुटकुळ्या येतात, आणि मूळ आजार कोणता आणि मलमाचा परिणाम कोणता हे कळेनासं होतं. ‘सगळ्यावर चालणारी’ म्हणून विकली जाणारी स्टेरॉइड, बुरशीनाशक आणि प्रतिजैविक यांची मिश्र मलमं यात सगळ्यात वाईट. नायटा समजून इसबावर तीच, इसब समजून नायट्यावरही तीच.

त्वचारोगतज्ज्ञ मलम देतात ते ठरावीक ताकदीचं, ठरावीक दिवसांसाठी. त्रास मोठा असेल तर काही काळ पोटातून स्टेरॉइड, आणि लांब पल्ल्यासाठी ॲझाथायोप्रिनसारखी गोळी. या आजारात ॲझाथायोप्रिनच्या वापरावर दिल्लीच्या ‘एम्स’मधल्या डॉक्टरांनी बराच अभ्यास केला आहे. गोळीने अनेकांना आराम मिळतो, पण ती सुरू असताना रक्तातल्या पेशी आणि यकृत यांची तपासणी ठरल्या वेळी करावी लागते. शेजाऱ्याला गुण आला म्हणून त्याची चिठ्ठी दाखवून आणण्याची ती गोळी नव्हे.

औषधाइतकंच काम टाळण्याचं आहे. पूर्ण बाह्यांचा सदरा, कानामागून गळ्यापर्यंत नीट गुंडाळलेलं उपरणं, रानातून आल्यावर लगेच अंघोळ आणि कपडे बदलणं, धुतलेले कपडे गवताकडेच्या तारेवर न वाळवणं. शेवंती गाजर गवताच्याच कुळातली आहे आणि एकाची ॲलर्जी असलेल्याला दुसरीही बाधू शकते. नवरात्रात तुळजापूरला हार-फुलं हाताळणाऱ्याचा त्रास त्याच दिवसांत वाढत असेल, तर ही गोष्ट डॉक्टरांना सांगायला हवी.

ज्याला गवत बाधतं, त्याने ते उपटायला जाऊ नये. ते काम घरातल्या किंवा गावातल्या इतरांचं, तेही हातमोजे घालून, नाका-तोंडाला फडकं बांधून आणि फुलं येण्याआधी. एका झाडाला हजारोंनी बी धरतं आणि उगवल्यापासून महिना-दीड महिन्यात फुलं येतात, म्हणून पहिल्या चांगल्या पावसानंतरचे काही आठवडे महत्त्वाचे. फुलाआधी उपटलेल्या गवताचं कंपोस्ट होतं. मेक्सिकोतून आणून १९८४ मध्ये बेंगळुरूजवळ सोडलेले भुंगेरे आता अनेक राज्यांत पसरले आहेत. ते पावसाळ्यात गवताची पानं खातात. पाऊस गेला की जमिनीत जाऊन बसतात, त्यामुळे एकट्या त्यांच्यावर विसंबता येत नाही. पडीक जागेवर तरोट्याचं बी फेकलं तर तो गाजर गवताला वर येऊ देत नाही. जबलपूरच्या तण संशोधन संचालनालयाच्या पुढाकाराने दरवर्षी १६ ते २२ ऑगस्टला देशभर गाजर गवत जागरूकता सप्ताह असतो. धाराशिवकडे तोवर पुष्कळ ठिकाणी गवत फुलावर आलेलं असतं, तेव्हा ग्रामपंचायतीने सप्ताहाची वाट न पाहता जुलैतच शाळेचं पटांगण साफ करून घेतलेलं चांगलं.